हायकोर्टात जाण्याआधी तालुक्यात काय काय करून ठेवायचं

प्रश्न थोडक्यात असा आहे. गावात सिमेंट काँक्रीटचा रस्ता कागदावर पूर्ण झालाय, बिल निघालंय, जागेवर मात्र जुन्याच रस्त्यावर वरवर माल ओतलेला. बीडीओला अर्ज दिला, कलेक्टरला दिला, आपले सरकार पोर्टलवर पण टाकला, सात महिने झाले कोणी हललं नाही. आता गावातली पोरं म्हणतायत वर्गणी काढू, हायकोर्टात जनहित याचिका टाकू आणि थेट सीबीआय चौकशी मागू. तर हे होईल का, किती दिवस लागतील, खर्च किती आणि वकील न लावता जमेल का.

मी खंडपीठात फौजदारी रिट आणि जनहित याचिका चालवतो, आणि दोन्ही बाजूंनी चालवल्यात, म्हणजे चौकशी मागणाऱ्यांच्या पण आणि ज्यांच्यावर आरोप त्यांच्या पण. आरोप असलेल्यांचा वकील पहिल्यांदा काय शोधतो ते मला माहितीय. तो घोटाळा झाला की नाही यात शिरतच नाही, तो बघतो की हा माणूस कोर्टात यायच्या आधी कुठं कुठं गेला होता आणि कुठं जायचं राहिलं. तुमच्या प्रश्नात ते राहिलेलं मला लगेच दिसलं, पोलीस स्टेशन कुठंच नाहीये. बीडीओ आणि कलेक्टरला दिलेला अर्ज म्हणजे गुन्ह्याची खबर नाही, निदान कोर्ट तरी तसं धरत नाही.

याचं सगळ्यात गाजलेलं उदाहरण आपल्याच राज्यातलं आहे. मार्च 2021 मध्ये मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंग यांनी तेव्हाचे गृहमंत्री अनिल देशमुखांवर महिन्याला 100 कोटी वसुलीचा आरोप करणारं पत्र लिहिलं आणि सरळ सुप्रीम कोर्टात गेले. सुप्रीम कोर्टाने सांगितलं आधी हायकोर्टात जा. हायकोर्टात मुख्य न्यायमूर्ती दीपांकर दत्ता यांनी त्यांना विचारलं की एफआयआर कुठाय, तुम्ही स्वतः पोलीस अधिकारी, गुन्हा घडतोय हे कळलं तर नोंदवला का नाही. बघा, मुंबईच्या पोलीस आयुक्तपदावर बसलेल्या माणसाला हा प्रश्न विचारला जातो तर तुम्हा आम्हाला का नाही विचारणार. आणि त्याच वेळी अ‍ॅडव्होकेट जयश्री पाटील यांची वेगळी याचिका होती, त्यांनी मलबार हिल पोलीस स्टेशनला लेखी तक्रार देऊन ठेवली होती आणि तिच्यावर काही झालेलं नव्हतं. 5 एप्रिल 2021 ला हायकोर्टाने सीबीआयला 15 दिवसांत प्राथमिक चौकशी करायला सांगितली ती या पाटील यांच्या याचिकेत. आयुक्तांच्या पत्राने टीव्ही हलला पण आदेश निघाला तो पोलीस स्टेशनला दिलेल्या एका अर्जाच्या जोरावर. देशमुखांनी त्याच दिवशी राजीनामा दिला, तीन दिवसांत सुप्रीम कोर्टाने अपील पण फेटाळलं. आरोप खरे की खोटे हा विषय निराळा, ती केस आपल्या वाटेने चालली, मी इथं फक्त दार कसं उघडलं ते सांगतोय.

आता दार उघडायची पद्धत. कायद्यात ही शिडी नीट लिहून ठेवलीय आणि 1 जुलै 2024 पासून ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत म्हणजे बीएनएसएस मध्ये आहे. पहिली पायरी कलम 173, पोलीस स्टेशनला दखलपात्र गुन्ह्याची, म्हणजे ज्यात पोलिसांना कोर्टाला न विचारता तपास करता येतो अशा गुन्ह्याची माहिती. जुन्या लोकांना हे 154 म्हणून माहितीय. इथं माणसं अर्ज लिहितात तो असा असतो, "वरील विषयास अनुसरून सदर कामात मोठ्या प्रमाणात भ्रष्टाचार झाला असून दोषींवर कठोर कारवाई व्हावी ही विनंती". असा अर्ज म्हणजे ठाणे अंमलदाराला आयती सुट्टी. तो तुम्हाला समजपत्र पाठवून मोकळा होतो की बाबा तुमचा विषय जिल्हा परिषदेच्या अखत्यारीतला आहे, तिकडे दाद मागा, अर्ज दप्तरी. त्यामुळे अर्जात विशेषणं नकोत, घटना पाहिजे. अमुक तारखेचा कार्यारंभ आदेश, अमुक लांबी रुंदी जाडी अंदाजपत्रकात, मोजमाप पुस्तिकेच्या अमुक पानावर अमुक नोंद आणि अमुक अभियंत्याची सही, अमुक तारखेला बिल अदा, आणि जागेवर प्रत्यक्षात हे. एवढं लिहिलं की त्यातून गुन्हा आपोआप दिसतो, सरकारी सेवकाने केलेला अपहार, खोटा दस्तऐवज, हिशेबात फेरफार. कलमं तुम्ही नाही लिहिली तरी चालतात. फक्त एक लक्षात ठेवा, काम आणि बिल जुलै 2024 च्या आधीचं असेल तर गुन्ह्याची कलमं जुन्या आयपीसीची म्हणजे 409, 467, 468, 471, 477अ वगैरे, आणि प्रक्रिया मात्र नवीन.

पोलीस म्हणतील आधी चौकशी करतो मग बघू. ललिता कुमारी हा 2013 चा घटनापीठाचा निकाल आहे, दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर एफआयआर नोंदवावाच लागतो. पण त्याच निकालात अपवाद पण आहेत आणि ते सांगायला लोक विसरतात, भ्रष्टाचाराची प्रकरणं, डॉक्टरांच्या हलगर्जीपणाची, व्यवहारातली, नवराबायकोची, आणि ज्यात विनाकारण तीन महिन्यांपेक्षा जास्त उशीर झालाय अशी, यात आधी प्राथमिक चौकशी करता येते. म्हणजे तुमचं प्रकरण नेमकं त्या अपवादात बसू शकतं, त्यामुळे ठाण्यात जाऊन ललिता कुमारीची झेरॉक्स आपटून उपयोग नाही. प्राथमिक चौकशी करायची तर करा पण ती किती दिवसांत संपवणार हे लेखी मागा, कारण त्याला पण मुदत आहे, साधारण 15 दिवस आणि अपवाद म्हणून सहा आठवडे.

ठाण्यात घेतलं नाही तर दुसरी पायरी एसपी. तोच मजकूर लेखी, स्पीड पोस्टने, ट्रॅकिंगचा प्रिंट काढून पावतीला जोडून ठेवायचा. हातोहात दिलात तर आवक शिक्का आणि आवक नंबर असलेली पोच घ्या, नुसत्या सहीची पोच कोर्टात कुणी ओळखत नाही. माझ्याकडे येणाऱ्या दहातल्या निम्म्या लोकांकडे अर्ज असतो पण पोच नसते, व्हॉट्सअ‍ॅपवर साहेबांना पाठवला होता म्हणतात, ब्लू टिक दाखवतात. ब्लू टिकने याचिका टिकत नाही.

तिसरी पायरी कोर्टच आहे पण हायकोर्ट नाही, तुमच्या तालुक्याचं प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी कोर्ट. कलम 175(3), म्हणजे जुनं 156(3). मॅजिस्ट्रेट पोलिसांना तपासाचा आदेश देऊ शकतो. यात प्रतिज्ञापत्र लागतं, प्रियांका श्रीवास्तव या 2015 च्या निकालापासून ते सक्तीचं झालं आणि आता तर कायद्यातच आलंय, आणि ठाणे आणि एसपी या दोन्ही पायऱ्या चढल्याचा पुरावा अर्जाला जोडावा लागतो. नवीन कायद्यात मॅजिस्ट्रेटला पोलिसांचं म्हणणं पण ऐकावं लागतं. जानेवारी 2025 मध्ये सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात हे बदल समजावून सांगितलेत आणि मॅजिस्ट्रेटने पोस्टमनसारखं अर्ज पुढं ढकलायचं काम करू नये, डोकं लावावं, असा त्याचा अर्थ आहे. आणि आरोपी सरकारी सेवक असेल आणि कृत्य त्याच्या कामाच्या ओघात केलेलं असेल तर 175(4) आहे, त्यात त्याच्या वरिष्ठाचा अहवाल आणि त्या सेवकाचं म्हणणं हे बघूनच आदेश होतो. इथं समोरचा वकील जोर लावणार. तुमचं उत्तर हे की न झालेल्या कामाचं माप लिहिणं हे सरकारी काम होऊच शकत नाही. दरवेळी ते मान्य होतं असं नाही, पण हा युक्तिवाद पहिल्या अर्जातच आलेला पाहिजे, नंतर सुचून उपयोग नाही.

भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा लावायचा असेल तर रस्ता अजून निराळा, तिथं मॅजिस्ट्रेट नाही, जिल्ह्याचा विशेष न्यायाधीश. आणि त्या कायद्यात 2018 साली आलेलं कलम 17अ आडवं येतं, सरकारी सेवकाने घेतलेल्या निर्णयाशी किंवा केलेल्या शिफारशीशी संबंधित गुन्हा असेल तर सक्षम अधिकाऱ्याच्या पूर्वमान्यतेशिवाय चौकशीच सुरू करता येत नाही. मान्यतेसाठी तीन महिने, फार तर अजून एक महिना अशी मुदत आहे. रंगेहाथ पकडलेल्याला हे लागू नाही. एसीबीकडे म्हणजे लाचलुचपत प्रतिबंधक विभागाकडे तक्रार करायचीच असेल तर 1064 वर फोन करण्यापेक्षा त्यांच्या जिल्ह्याच्या युनिटला कागदांसकट जा, त्यांची गोपनीय चौकशी आणि उघड चौकशी अशा दोन पायऱ्या असतात आणि तुमची फाईल कुठल्या पायरीवर आहे हे विचारत राहावं लागतं.

तुम्ही म्हणाल एवढं सगळं करण्यापेक्षा हायकोर्टच बरं. सगळेच म्हणतात. पण याच मोहावर सुप्रीम कोर्टाने दोनदा पाणी ओतलंय, 2008 चा सकिरी वासू आणि नंतरचा सुधीर भास्करराव तांबे हा महाराष्ट्रातला निकाल. दोन्हीत सांगितलंय की पोलीस गुन्हा घेत नाहीत किंवा तपास नीट करत नाहीत एवढ्यासाठी हायकोर्टात धावू नका, मॅजिस्ट्रेटकडे जा, नाहीतर हायकोर्टांना दुसरं काही कामच करता येणार नाही. आमच्याकडं सरकारी वकील उभा राहतो आणि फक्त एवढंच म्हणतो, मायलॉर्ड तांबे. दोन मिनिटांत याचिका काढून घ्यावी लागते, विथ लिबर्टी, म्हणजे मॅजिस्ट्रेटकडे जायची मुभा तेवढी ठेवून.

मग हायकोर्ट कधी? जेव्हा तुमच्याकडे असा कागद असतो की ज्यात सरकारच्याच कुणीतरी लिहून ठेवलंय की गडबड झालीय, आणि तरी पुढं काही होत नाही. ही माझ्या मते या सगळ्या विषयातली सगळ्यात कामाची गोष्ट आहे. परभणीचं सोमनाथ सूर्यवंशी प्रकरण बघा. डिसेंबर 2024 मध्ये कोठडीत मृत्यू, कायद्याप्रमाणे न्यायदंडाधिकाऱ्याची चौकशी झाली, तिच्या अहवालात पोलिसांवर ठपका आला, आणि त्या अहवालाच्या आधारे औरंगाबाद खंडपीठाने जुलै 2025 मध्ये गुन्हा नोंदवायचा आदेश दिला, तो सुप्रीम कोर्टात पण टिकला. बदलापूर प्रकरणातल्या आरोपीच्या पोलीस व्हॅनमधल्या मृत्यूचं पण तसंच, मॅजिस्ट्रेटचा अहवाल आधी आला आणि मग एप्रिल 2025 मध्ये हायकोर्टाने पोलिसांवर कारवाईसाठी एसआयटीचा म्हणजे विशेष तपास पथकाचा आदेश दिला. त्यात तर मधेच त्या मेलेल्या आरोपीच्या आईवडिलांनी केस पुढं चालवायची नाही असं सांगितलं होतं, तरी कोर्टाने न्यायमित्र म्हणजे कोर्टाला मदत करणारा वकील नेमून ती चालू ठेवली, कारण अहवाल समोर होता आणि त्यावर काही न करणं कोर्टाला पटत नव्हतं. नंतर सुप्रीम कोर्टाने एसआयटी कोणी नेमायची त्यात बदल केला, ते असो.

तुमच्या रस्त्याला न्यायदंडाधिकाऱ्याचा अहवाल कुठून येणार, पण त्याचा भाऊ येऊ शकतो. जिल्हा परिषदेच्या सीईओंकडं चौकशी मागा, ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम 39 खाली सरपंच किंवा सदस्याच्या गैरवर्तनाची चौकशी सीईओ करतात आणि विभागीय आयुक्त पदावरून काढू शकतात. बहुतेक वेळा तीन जणांची समिती येते, पंचनामा होतो. त्या दिवशी गावात हजर राहा आणि काँक्रीटची कोअर कटिंग टेस्ट, म्हणजे रस्त्यातून तुकडा कापून काढून तपासणी, मागा, सरकारी इंजिनिअरिंग कॉलेजच्या लॅबमधून. अंदाजपत्रकात जाडी 15 सेंटिमीटर आणि कोअर 7 चा निघाला तर तुमच्या बाजूने एवढं बोलणारा साक्षीदार दुसरा नाही. स्थानिक निधी लेखापरीक्षेचा आक्षेप असेल तर तो पण मिळवा, वसूलपात्र रक्कम असा शब्द त्यात आला असेल तर तुमची अर्धी याचिका तिथंच लिहिलेली आहे.

कागद मिळवायचे माहिती अधिकारात. महाराष्ट्रात अर्ज एका विषयावर आणि 150 शब्दांत बसवायचा असतो, 10 रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प. "सर्व कामांची सर्व माहिती द्या" असं लिहिलं की नाकारायला कारण मिळतं. एका कामाची फाईल मागा: प्रशासकीय मान्यता, तांत्रिक मान्यता, अंदाजपत्रक, निविदा, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिका, देयक, पूर्णत्वाचा दाखला, जिओ टॅग केलेले फोटो. नुसत्या प्रती नाही तर फाईल समोर बसून बघायची परवानगी पण मागता येते, आणि हे फार कमी लोकांना माहितीय, कामाच्या साहित्याचे प्रमाणित नमुने घ्यायचा अधिकार पण त्याच कायद्यात आहे. 30 दिवसांत नाही आलं तर पहिलं अपील, ते 20 रुपयांच्या स्टॅम्पवर. दुसऱ्या अपिलाला आयोगात रांग मोठी, त्यामुळे तिकडे नजर लावून बसू नका. वित्त आयोगाचा निधी असेल तर ई-ग्रामस्वराज पोर्टलवर गावाचा खर्च व्हाउचरसकट दिसतो, त्याचे स्क्रीनशॉट आजच काढून ठेवा. आणि "फाईल सापडत नाही" असं उत्तर आलं तर निराश होऊ नका, उलट ते लेखी घ्या, सरकारी दप्तर गहाळ होणं हा सार्वजनिक अभिलेख कायद्याखाली स्वतःच एक विषय आहे आणि कोर्टाला ते अजिबात आवडत नाही.

आता एक नाजूक गोष्ट विचारतो, राग मानू नका. तुमच्यातला कोणी मागच्या ग्रामपंचायतीला पडलेल्या पॅनेलमध्ये होता का? गावाकडच्या शंभर याचिकांत बहुतेक वेळा उत्तर हो असतं आणि त्यात चूक काही नाही, गावात हिशेब विचारणारा माणूस विरोधी गटाचाच असणार, सत्तेतला कशाला विचारेल. पण ते लपवलं की संपलं. हायकोर्टाच्या 2010 च्या जनहित याचिका नियमांप्रमाणे याचिकाकर्त्याने आपली माहिती, आपला स्वार्थ आहे की नाही, याआधी कुठं दाद मागितली हे सगळं शपथेवर सांगायचं असतं. नोव्हेंबर 2022 मध्ये झारखंडच्या मुख्यमंत्र्यांविरुद्ध चौकशी मागणाऱ्या जनहित याचिका सुप्रीम कोर्टाने दाराबाहेर काढल्या, सरन्यायाधीश लळितांच्या खंडपीठाने, आणि त्यातलं एक मोठं कारण हे होतं की याचिकाकर्त्याने स्वतःबद्दल सगळं सांगितलं नव्हतं, कुटुंबाचं आरोपी पक्षाशी जुनं वैर होतं. नागपूरच्या एका वकिलाने केलेली जनहित याचिका ब्लॅकमेलसाठी आहे असं दिसल्यावर हायकोर्टाने त्याला 25 हजारांचा दंड केला होता आणि 2004 मध्ये सुप्रीम कोर्टाने तो कायम ठेवला. तर याचिकेच्या तिसऱ्या चौथ्या परिच्छेदातच सरळ लिहा, याचिकाकर्ता क्रमांक 2 ने अमुक निवडणूक लढवली होती आणि तो हरला होता. समोरच्याच्या हातातला मोठा दगड तुम्हीच काढून घेतला की तो काय मारणार. आणि शक्य असेल तर निवडणुकीशी संबंध नसलेला माणूस पुढं करा, निवृत्त मास्तर, बचत गटातली एखादी ताई, ज्यांच्या दारासमोरचा रस्ता आहे असं कोणीतरी.

दंडाची भीती खरी आहे का? आहे. 2022 मध्ये छत्तीसगडमधल्या आदिवासींच्या हत्यांची स्वतंत्र चौकशी मागणाऱ्या याचिकेवर सुप्रीम कोर्टाने याचिकाकर्त्यालाच 5 लाखांचा दंड केला. मला तो निकाल पटत नाही, चौकशी मागणं आणि आरोप सिद्ध करणं यात फरक आहे आणि चौकशी मागणाऱ्यानेच सगळा पुरावा आणायचा तर मग चौकशी कशाला हवी. पण मला पटो न पटो तो निकाल पुस्तकात आहे, आणि वकील म्हणून तुम्हाला सांगणं भाग आहे. म्हणून शपथपत्रात जे तुम्ही स्वतः बघितलं ते बघितलं म्हणून लिहा, जे कागदावरून कळलं ते कागदावरून म्हणून लिहा, आणि जे पारावर ऐकलं ते लिहूच नका. आमदारसाहेबांचा हात आहे हे गावातल्या शेंबड्या पोराला पण माहीत असेल, तरी कागद नसेल तर आमदाराला प्रतिवादी करायचं नाही. एक नाव जास्त टाकलं की सगळी याचिका राजकीय दिसायला लागते.

सीबीआयचं आता. सगळ्यांना सीबीआय पाहिजे असते. कायदा असा की सीबीआयला राज्यात तपासाला राज्य सरकारची संमती लागते, महाराष्ट्राने ती सरसकट संमती ऑक्टोबर 2020 मध्ये काढून घेतली होती आणि 2022 मध्ये परत दिली. हायकोर्टाला मात्र संमतीची गरज नाही, 2010 च्या पश्चिम बंगालच्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी ते स्पष्ट केलं, पण त्याच निकालात हे पण सांगितलं की हा अधिकार जपून, क्वचित, अपवाद म्हणून वापरायचा, पक्षकाराने आरोप केले म्हणून नाही. तुमचा एका गावचा रस्ता त्या अपवादात बसत नाही आणि बसवायचा प्रयत्न केलात तर खंडपीठ तुमच्याकडे हसून बघेल. सप्टेंबर 2018 च्या कोरेगाव भीमाच्या निकालात आरोपींच्या बाजूने एसआयटी मागितली होती, तेव्हा पण बहुमताने सांगितलं की तपास कोणी करायचा हे आरोपीने निवडायचं नसतं. तक्रारदाराला पण कोर्ट साधारण तेच सांगतं.

म्हणून प्रार्थना, म्हणजे याचिकेतली कोर्टाकडची मागणी, छोटी ठेवा. माझ्या याचिकांत मी हल्ली साधारण एवढंच मागतो: एसपींनी अमुक तारखेच्या तक्रारीवर कायद्याप्रमाणे निर्णय घेऊन तो तक्रारदाराला कळवावा, सीईओंनी सुरू केलेली चौकशी ठरावीक मुदतीत संपवून अहवाल कोर्टात ठेवावा, आणि तोपर्यंत मोजमाप पुस्तिका, देयकं आणि मूळ फाईल सीलबंद करून सुरक्षित ठेवावी. तिसरी मागणी विसरू नका, नोटीस निघाल्याचं कळलं की पहिली हलते ती फाईल. लोकांना ही प्रार्थना मिळमिळीत वाटते, एवढ्यासाठी हायकोर्टात गेलो का असं म्हणतात. पण असा आदेश न्यायमूर्ती दहा मिनिटांत देतात, सरकारी वकील पण फार विरोध करत नाही, आणि मुदत मोडली की तुमच्या हातात अवमान याचिका येते. अवमानाला एक वर्षाची मुदत असते, ती डायरीत लिहून ठेवा. मोठी प्रार्थना पडून राहते, वर्ष दोन वर्ष बोर्डावर येत नाही, आणि तेवढ्यात अभियंत्याची बदली, ग्रामसेवक निवृत्त, रस्त्यावर नवीन थर.

जुनी माणसं मला अंतुलेंचं उदाहरण देतात, की तेव्हा एका याचिकेवर मुख्यमंत्री गेला. बरोबर आहे, जानेवारी 1982 मध्ये न्यायमूर्ती लेंटिन यांनी सिमेंट वाटपाच्या याचिकेत निकाल दिला आणि अंतुलेंना जावं लागलं, 1986 मध्ये एम.डी.च्या परीक्षेतल्या गुणांच्या प्रकरणात शिवाजीराव पाटील निलंगेकर गेले. पण सिमेंटच्या प्रकरणात बिल्डरांनी ट्रस्टला दिलेल्या देणग्या आणि त्यांना मिळालेलं सिमेंट हे एकमेकांसमोर ठेवता येत होतं, कागदाला कागद. भाषणाने कोणी गेलेलं नाही.

आदेश मिळाला म्हणजे संपलं असं पण नाही, हे पेढे वाटायच्या आधी सांगितलेलं बरं. राज्य सहकारी बँकेच्या प्रकरणात ऑगस्ट 2019 मध्ये हायकोर्टाने पाच दिवसांत गुन्हा नोंदवा म्हणून आर्थिक गुन्हे शाखेला सांगितलं, गुन्हा नोंदला, आणि 2020 मध्ये त्याच शाखेने सी समरी दाखल केली. मधे परत तपास करायचं म्हणाले, 2024 मध्ये परत बंद करायचा रिपोर्ट. समरी म्हणजे पोलिसांचा समारोप: ए म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही, बी म्हणजे तक्रारच खोटी, सी म्हणजे खरी पण नाही खोटी पण नाही, गैरसमज किंवा दिवाणी स्वरूप. असा रिपोर्ट आला की कोर्ट तक्रारदाराला नोटीस काढतं आणि तेव्हा हजर राहून निषेध अर्ज म्हणजे प्रोटेस्ट द्यायचा असतो. गावाकडं नेमकं इथं सुटतं, नोटीस जुन्या पत्त्यावर जाते, वर्गणी संपलेली असते, पुढारी पोरगा पुण्याला नोकरीला गेलेला असतो. त्यामुळे याचिकाकर्ते दोन तीन ठेवा आणि त्यातला एक तरी गाव न सोडणारा पाहिजे.

सुरक्षेचं पण बोलून घेऊ. तळेगावचे सतीश शेट्टी यांचा जानेवारी 2010 मध्ये खून झाला, माहिती अधिकारात जमिनींचे व्यवहार बाहेर काढणारा माणूस. घाबरवत नाही, पण मूळ कागद एकट्याच्या घरात ठेवू नका, स्कॅन करून तिघा चौघांकडे द्या, आणि धमकी आली तर त्याच दिवशी लेखी तक्रार, नंतर एकत्र करू म्हणून थांबायचं नाही. फेसबुकवर "चोर सरपंच" असं टाकून अब्रुनुकसानीची केस स्वतःच्या अंगावर घेऊ नका, मी अशा केसेस लढवतो, फी मिळते मला, पण तुमची मूळ याचिका त्यात मरते.

खर्च. जनहित याचिकेची कोर्ट फी फार नसते, खर्च होतो तो टायपिंग, झेरॉक्स, मराठी कागदांच्या इंग्रजी भाषांतरावर आणि वकिलाच्या फीवर, आणि फीचा आकडा मी इथं सांगणार नाही कारण तो माणसागणिक बदलतो. कोर्टाला वाटलं तर याचिकाकर्त्याला काही रक्कम अनामत भरायला पण सांगतं, सद्हेतू दाखवण्यासाठी, त्याची तयारी ठेवा. महिला, अनुसूचित जाती जमातीचे लोक यांना उत्पन्न कितीही असलं तरी विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळतो, बाकीच्यांना महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्न 3 लाखांच्या आत असेल तर. बचत गटातली ताई पुढं करा म्हटलं त्याला हे पण एक कारण आहे. स्वतः उभं राहून चालवायची तर रजिस्ट्रीची समिती आधी तुमच्याशी बोलते, तुम्हाला मांडता येईल का बघते, मगच परवानगी. मी म्हणेन मॅजिस्ट्रेटच्या कोर्टात एकवेळ स्वतः उभे राहा, हायकोर्टात नको. आणि तुम्ही सोलापूर, सातारा, सांगली, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग यातले असाल तर आता मुंबई गाठायची गरज नाही, ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय.

दिवसांचं विचारलंत तर ठाणे, एसपी आणि माहिती अधिकार हे एकाच आठवड्यात सुरू करा, एकामागून एक नको. दोन अडीच महिन्यांत तुमच्याकडे एकतर समजपत्र असेल, नाहीतर उत्तर न आल्याचा पुरावा असेल, आणि जमलं तर मोजमाप पुस्तिकेची प्रत. ते तिन्ही घेऊन तालुक्याच्या कोर्टात 175(3) टाका. जिल्हा परिषदेचा अहवाल तुमच्या बाजूने आला आणि तरी गुन्हा नोंदला नाही तर मग वर्गणी काढा आणि खंडपीठात या. येताना अर्ज तारखेप्रमाणे लावून, प्रत्येकाच्या मागे त्याची पोच टाचून आणा, वकिलाचा एक दिवस वाचतो आणि तुमचे पैसे पण.